गाडी ठाण्यात, घोर घरात

आमच्या भागातील कोणत्याही पोलीस ठाण्याच्या आवारात दिवसाउजेडी क्षणभर डोकावून पाहावे. भिंतीच्या कडेने, निंबाच्या सावलीत वा सावलीवाचून, वाहने उभी असतात. एकमेकींवर कलंडलेल्या मोटारसायकली, एखादी जीप, एखादी मालवाहू चारचाकी, क्वचित एखादा ट्रक. चाकांत हवा नसते, काचांवर धुळीचा थर असतो आणि पावसाळा उलटला की चाकांच्या मधून तरोटा वर आलेला दिसतो. यांतली काही वाहने अपघाताची, काही चोरीची. पण पुष्कळशी दारूच्या गुन्ह्यात धरलेली असतात. शाळेला जाता-येता आम्ही ती वर्षानुवर्षे पाहत होतो. त्यांतल्या एका गाडीचे घर आम्हांला माहीत झाले, तेव्हापासून मात्र तिकडे नुसते पाहून पुढे जाणे जमेनासे झाले. त्या गाडीची हकीकत आणि तिच्या निमित्ताने आम्हांला जो कायदा वाचावा लागला तो, आपल्या मासिकाच्या वाचकांपुढे ठेवावा म्हणून हे लिहीत आहोत. गाव, ठाणे, न्यायालय, माणसांची नावे आम्ही मुद्दामच गाळली आहेत.

पांढुर्णा आणि सौंसर ही नावे इंदूर-ग्वाल्हेरकडील वा बडोदे-हैदराबादकडील मराठी वाचकांना ठाऊक असतात ती बहुधा दोन कारणांनी : एक संत्री आणि दुसरी पोळ्याच्या पाडव्याला जाम नदीच्या पात्रात पांढुर्णा व सावरगाव यांच्यात होणारी गोटमार. तिसरी गोष्ट फारशी कोणाला ठाऊक नसते. ती म्हणजे आमची सीमा. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत विदर्भ मुंबई राज्यात गेला आणि आम्ही मध्य प्रदेशात राहिलो. तोवर नागपूर आणि सौंसर एकाच प्रांतात होते आणि त्या प्रांताचा १९१५ चा अबकारी कायदा दोन्हीकडे चालत असे. आता सौंसरकडे तोच जुना कायदा ‘मध्य प्रदेश आबकारी अधिनियम, १९१५’ या नावाने चालतो, तर काही कोसांवरच्या सावनेरला १९४९ चा दारूबंदीचा कायदा लागतो. लेक दिली सावनेरला, बाजार नागपूरचा, बोली दोन्हीकडे एकच; पण बाटली सीमा ओलांडते तेव्हा तिचा कर बदलतो, भाव बदलतो आणि गुन्ह्याचे कलमही बदलते. त्यातून पलीकडच्या वर्धा जिल्ह्यात गांधीजी-विनोबांच्या वास्तव्याच्या स्मरणाने १९७४ पासून दारूबंदी आहे. जिथे बंदी तिथे चोरटी मागणी, हे सांगायला अर्थशास्त्री लागत नाही. अशा मुलखात मालवाहू गाडी बाळगणाऱ्या माणसाला मोह दाखवणारे पुष्कळ भेटतात. आणि मोह मालकाला पडला नाही तरी त्याच्या ड्रायव्हरला पडू शकतो.

आमच्या गोष्टीत नेमके तेच घडले. दहावीतला एक मुलगा, गणितात बरा, अक्षर सुंदर, दिवाळीनंतर शाळेत येईनासा झाला. आठ दिवसांनी आम्ही घरी निरोप धाडला. मुलगा आला नाही, बाप आला. उजव्या हाताला प्लास्टर. त्याची एक लहान मालवाहू टाटा एस होती, जिला आमच्याकडे लहानथोर सगळे ‘छोटा हत्ती’ म्हणतात. कर्जावर घेतलेली, हप्ते चालू. आंबिया बहाराचा माल निघाला की बागेतून नागपूरच्या कळमना बाजारात संत्री न्यायची, येताना रिकाम्या क्रेट आणायच्या, असा त्याचा धंदा. हात मोडला म्हणून ओळखीतल्या एका पोराला रोजावर ड्रायव्हर ठेवले. त्या पोराने तिसऱ्याच खेपेला संत्र्यांच्या क्रेटखाली देशी दारूच्या सात पेट्या घेतल्या आणि सीमेच्या अलीकडे तो धरला गेला.

“गुरुजी, मले काहीच ठाऊक नव्हतं,” तो म्हणाला, “आता पोराले शाळेतून काढतो. बागेत तोडीले जाईन, चार पैसे येतीन. गाडी तं सरकारनं घेतली.”

गाडी सरकारने घेतली, हे त्याचे वाक्य आम्ही तेव्हा खरे मानले, हे कबूल केले पाहिजे. मराठीत एम. ए. झालेल्या माणसाला कायदा कळतो असे नाही. पण त्याने डब्याच्या पिशवीतून दोन घड्या घातलेले कागद काढले आणि ‘वाचून सांगा’ म्हणून समोर धरले. घरी मराठी आणि कचेरीत हिंदी, अशी आमची इकडची रीत. पण तीही रोजच्या बोलण्यातली हिंदी नव्हे. एका कागदात ‘अभिग्रहण’ होते, दुसऱ्यात ‘अधिहरण’. दोन्ही शब्द त्याला सारखेच भासले होते आणि खरे सांगायचे तर पहिल्या वाचनी आम्हांलाही भासले. वस्तुतः या दोन शब्दांत जमीनअस्मानाचे अंतर आहे. अभिग्रहण म्हणजे आपण ज्याला जप्ती म्हणतो ती : वस्तू पुरावा म्हणून ताब्यात घेणे. तिची मालकी बदलत नाही. अधिहरण म्हणजे वस्तू कायमची सरकारजमा करणे, ज्याला इकडच्या बोलण्यात ‘राजसात’ म्हणतात. पहिला कागद जप्तीच्या पंचनाम्याची प्रत होती. दुसरा, गाडी राजसात का करू नये याचे कारण दाखवा, अशी नोटीस होती. म्हणजे गाडी सरकारने घेतलेली नव्हती. घेऊ काय, असे सरकार त्याला विचारत होते. आणि उत्तर देण्याची तारीख चार दिवसांवर आली होती.

हा कागद त्याच्या पिशवीत तीन आठवडे पडून होता. मधल्या काळात कोणी त्याला सांगितले की केस संपल्याशिवाय गाडी सुटतच नाही. दुसऱ्या एकाने ‘साहेबांशी बोलतो’ म्हणून पैसे घेतले आणि तो पुन्हा दिसला नाही. शेवटी एका परिचिताच्या सांगण्यावरून न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे गाडी परत मिळण्याचा अर्ज केला, तो नामंजूर झाला, आणि त्याने गाडीवर पाणी सोडले.

गंमत अशी की, गंमत कसली, दैवाचा खेळ अशी की, त्याच महिन्यात आमच्या शाळेच्या शिपायाच्या मेहुण्याची मोटारसायकल दोन पेट्यांसह धरली गेली होती आणि ती तीन आठवड्यांत घरी आली. गावात लगेच बोलणे सुरू झाले की यांचा वशिला लागला, त्यांचा लागला नाही. वशिला नव्हता, गणित होते. देशी दारूच्या एका पेटीत १८० मिलिलिटरचे ५० पव्वे बसतात. ५० गुणिले १८० म्हणजे ९,००० मिलिलिटर, अर्थात ९ लिटर. मध्य प्रदेशच्या कायद्यात सीमारेषा आहे ५० बल्क लिटरची. ‘बल्क लिटर’ म्हणजे मद्यार्क किती हे न पाहता सरळ द्रवाचे माप. पाच पेट्या ४५ लिटर होतात, सहा पेट्या ५४. सहावी पेटी गाडीत चढली की गुन्ह्याची जातच बदलते : कलम ३४(२) खाली किमान एक वर्ष आणि कमाल तीन वर्षे कैद, २५ हजारांपासून एक लाखापर्यंत दंड, जामिनालाही अडचण. मोटारसायकलवर १८ लिटर होते. छोट्या हत्तीत ६३.

आणि केवळ शिक्षाच बदलत नाही, गाडी सोडवण्याचे दारही बदलते. एरवी जप्त वस्तू खटला संपेपर्यंत कोणाच्या ताब्यात राहावी हे न्यायदंडाधिकारी ठरवतात. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेची ४५१ व ४५७ ही त्याची कलमे. १ जुलै २०२४ पासून नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ती ४९७ आणि ५०३ झाली आहेत. मालक अर्ज करतो, पोलिसांचा अहवाल मागवला जातो, आणि बंधपत्र व जामीनदार घेऊन गाडी ‘सुपुर्दनाम्या’वर दिली जाते. जामीनदाराने शेताची ऋणपुस्तिका आणायची, मालकाने लिहून द्यायचे की गाडी विकणार नाही, रंगरूप बदलणार नाही, न्यायालय म्हणेल तेव्हा आणून हजर करीन. मोटारसायकल अशीच सुटली. परंतु ५० लिटरवरच्या गुन्ह्यांसाठी २००० साली अबकारी कायद्यात ४७-अ ते ४७-ड अशी कलमे घातली गेली. त्यांनी जप्त गाडी खटल्याची वाट न पाहता राजसात करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांकडे दिला; आणि जिल्हाधिकाऱ्यांनी अशी कार्यवाही सुरू केल्याचे न्यायालयाला कळवले की त्या गाडीच्या ताब्याविषयी न्यायदंडाधिकाऱ्यांनी हुकूम करू नये, असेही सांगितले. आमच्या माणसाचा अर्ज नामंजूर झाला तो यामुळे. दार चुकले होते. खरे दार नोटिशीत लिहिले होते, पण ती पिशवीत होती.

खटला चालून गुन्हा शाबीत होण्यापूर्वीच एखाद्याची मालमत्ता अशी कायमची घेता येते काय, हा प्रश्न राज्यघटनेच्या ३००-अ कलमाच्या आधारे पुढे उच्च न्यायालयातही गेला. म्हणून ज्यांची गाडी आज अडकली असेल त्यांनी आमच्या या लेखावर वा चावडीवरच्या ऐकीव गोष्टींवर विसंबू नये. ताजा निवाडा काय आहे ते वकिलाकडून वाचून घ्यावे. मात्र दोन गोष्टी बदलण्यासारख्या नाहीत. मालकाचे म्हणणे ऐकून घेतल्याशिवाय गाडी राजसात होत नाही. आणि गाडी आपल्या नकळत, आपल्या संमतीवाचून वापरली गेली हे दाखवण्याची संधी मालकाला असते. ती संधी तारखेला बांधलेली आहे, एवढेच.

आम्ही त्याला त्याच संध्याकाळी एका वृद्ध वकिलांकडे नेले. त्यांनी फी पुढे घेऊ म्हटले आणि प्रथम विचारले, “हात कधी मोडला?” दवाखान्याच्या कार्डावर तारीख होती, ती जप्तीच्या बारा दिवस आधीची. मग त्यांनी खेपांची वही मागवली. मुलाच्या सुंदर अक्षरात प्रत्येक खेप लिहिलेली : कोणाची बाग, किती क्रेट, किती भाडे. जप्तीच्या दिवशीचीही खेप तीत होती, बागवाल्याची चिठ्ठी होती. ड्रायव्हर जामिनावर सुटून आला होता; त्याने वाटेत पेट्या आपणच घेतल्याचे आणि मालकाला न सांगितल्याचे लिहून दिले. मालकावर पूर्वीचा कुठलाही गुन्हा नव्हता. एवढ्या चार कागदांनी गाडी वाचली. चार तारखा झाल्या. तेव्हा आमचा भाग छिंदवाडा जिल्ह्यात होता, त्यामुळे प्रत्येक तारखेला सिल्लेवानीचा घाट चढून जावे लागे. पांढुर्णा ऑक्टोबर २०२३ पासून स्वतंत्र जिल्हा झाला आणि पांढुर्णा-सौंसरच्या लोकांची ही पायपीट थांबली, हे बरे झाले.

निकाल लागला, गाडी राजसात करण्याचे कारण नाही असे ठरले, आणि आठ महिन्यांनी मालक किल्ली घेऊन आवारात गेला. आम्ही बरोबर होतो. गाडीत बॅटरी नव्हती. जादा चाक नव्हते. पुढची दोन्ही चाके जमिनीला टेकलेली, आसनाखाली उंदरांनी घर केलेले. पंचनामा काढून पाहिला तर त्यात ‘एक चारचाकी मालवाहू वाहन, चालू स्थितीत’ एवढेच शब्द. बॅटरीचा उल्लेख नाही, चाकाचा नाही, एकही छायाचित्र नाही. नसलेल्या बॅटरीबद्दल कोणाला काय विचारणार? गाडी तिथून दुसऱ्या गाडीला दोर बांधून ओढत आणावी लागली.

नेमक्या याच गोष्टीबद्दल सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वी स्पष्ट बोलून ठेवले आहे, हे आम्हांला नंतर कळले. १ ऑक्टोबर २००२ चा ‘सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य’ हा तो निवाडा. मूळ प्रकरण दारूचे नव्हतेच. एका ठाण्यातील पोलिसांनीच जप्तीचा मुद्देमाल बदलला, रक्कम खाल्ली, वस्तूंचा परस्पर लिलाव केला, असा आरोप होता. त्या निमित्ताने न्यायमूर्ती एम. बी. शहा आणि न्यायमूर्ती डी. एम. धर्माधिकारी यांच्या पीठाने जप्त मालाचा एकूणच विचार केला. (न्यायमूर्ती धर्माधिकारी हे आमच्या मध्य प्रदेश उच्च न्यायालयाचे पूर्वीचे न्यायाधीश, आडनाव वाचकांना परके वाटणार नाही.) त्यांचे म्हणणे थोडक्यात असे : वस्तू पडून राहिल्याने मालकाचे नुकसान होऊ नये, सांभाळण्याचा भार पोलिसांवर पडू नये, आणि पुराव्यासाठी वस्तूच डोळ्यांपुढे असली पाहिजे असे नाही, तपशीलवार पंचनामा व छायाचित्रे पुरतात. जप्त वाहने ठाण्यांत दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही. योग्य बंधपत्र व हमी घेऊन दंडाधिकाऱ्यांनी तत्काळ हुकूम करावा. वस्तू ठाण्यात ठेवण्याला मुदत सांगितली ती पंधरा दिवस ते एक महिना. त्याच्याही आधी, १९७७ साली, पोलिसांच्या ताब्यातून नाहीशा झालेल्या एका बाईच्या दागिन्यांची किंमत राज्याने भरून द्यावी असे याच न्यायालयाने ठरवले होते. नव्या संहितेत तर हे तत्त्व कलमातच आले आहे : वस्तू न्यायालयापुढे आल्यापासून चौदा दिवसांत तिचे वर्णनपत्र करावे, छायाचित्र वा चित्रफीत घ्यावी, आणि त्यानंतर तीस दिवसांत तिची व्यवस्था लावावी. आवारातला तरोटा अजून ही कलमे वाचत नाही, ही गोष्ट निराळी.

हे सर्व आम्ही एकदा शिक्षकांच्या खोलीत उत्साहाने सांगत होतो. आमच्या एक सहकारी बाई, ज्या शाळेत येण्यापूर्वी दारूबंदीच्या कामात होत्या, ऐकून घेत होत्या. शेवटी म्हणाल्या, “सर, गाडीवाल्याची दया आम्हालाही येते. पण त्या सात पेट्या ज्या गावात उतरणार होत्या, तिथल्या बायांचं काय?”

प्रश्न रास्त आहे आणि त्याला झटकन उत्तर नाही. तीनशे पन्नास पव्वे होते ते. मास्तरकी करताना आम्ही दारूचे परिणाम हजेरीपटावर वाचतो : बाजाराच्या दुसऱ्या दिवशी कोण येत नाही, कोणाच्या आईच्या डोळ्याखाली काळे आहे, कोणाचे पुस्तक विकले गेले. दारू वाहणाऱ्याविषयी आमच्या मनात तीळभर माया नाही. आणि मालकांतही सगळे आमच्या पालकासारखे नसतात. दुप्पट भाडे मिळते म्हणून किल्ली देऊन डोळे मिटून बसणारे आहेतच. त्यांची गाडी राजसात झाली तर आम्ही हळहळणार नाही. गुजरातने ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त दारू असलेली गाडी अखेरच्या निकालापर्यंत बंधपत्रावर सोडायची नाही असाच कायदा केला, तो या चिडीतूनच. उलट बिहारने २०१६ मध्ये पूर्ण दारूबंदी केली आणि ठाण्यांत गाड्यांची एवढी दाटी झाली की २०२२ मध्ये कायदा दुरुस्त करून दंड भरून गाडी सोडवण्याची वाट ठेवावी लागली. दोन्हीकडची माणसे दारूची शत्रूच. गाडीचे काय करावे याबद्दल मात्र एकमत नाही.

आम्हांला एवढे दिसते की सुपुर्दनाम्यावर गाडी देणे म्हणजे कोणाला निर्दोष सोडणे नव्हे. खटला चालतोच, बंधपत्र मोडले तर रक्कम जाते, गाडी पुन्हा धरली गेली तर ती कथा पहिल्या पानापासून बदलते. आणि गाडी गंजल्याने दारूचा व्यापारी क्वचितच बुडतो. पेट्या पाठवणारा त्या गाडीचा मालक नसतोच. तो भाड्याची किंवा रोजदार ड्रायव्हरच्या हातातली गाडी पाहतो, एक गेली की दुसरी शोधतो. आमच्या प्रकरणात त्या पेट्या कोणी दिल्या याचा शोध ड्रायव्हरच्या नावापुढे सरकल्याचे आम्ही ऐकले नाही. आठ महिने उभी राहिली ती ज्याला त्या पेट्यांतून एक पैसा मिळणार नव्हता त्याची गाडी. बाईंना आम्ही हे सांगितले. त्या म्हणाल्या, “मग तो शोध लावा असं लिहा.” म्हणून लिहिले आहे.

ज्यांच्या घरी भाड्याची गाडी आहे त्यांच्यासाठी त्या वृद्ध वकिलांनी आम्हांला जाता जाता जे सांगितले ते इथे टिपून ठेवतो. ड्रायव्हर ठेवताना त्याच्या परवान्याची प्रत घ्या. खेपेची वही ठेवा. एका ओळीची का होईना. गाडी धरली गेल्याचे कळताच त्याच दिवशी ठाण्यात जा, पंचनाम्याची प्रत मागा, बॅटरी-चाके-इंजिन क्रमांक त्यात आहेत का पाहा, नसतील तर लेखी अर्ज देऊन पोच घ्या. माल किती लिटर लिहिला आहे ते पाहा. त्यावरून कोणत्या दाराशी जायचे ते ठरते. आणि कचेरीतून आलेला कागद कळला नाही तर तो घडी करून ठेवू नका, शाळेतल्या कोणत्याही मास्तरला नेऊन दाखवा.

मुलगा डिसेंबरात शाळेत परतला. बापाने त्याला बागेत नेले नाही असे नाही. सकाळी तोड, दुपारी शाळा असे त्याने दोन महिने काढले आणि परीक्षा दिली. गणितात त्याला आमच्या अपेक्षेपेक्षा थोडे कमी पडले. थकलेले हप्ते भरायला बापाने बायकोची पोत गहाण टाकली होती, ती अजून सुटायची आहे. हात बरा झाल्यापासून तो गाडी स्वतःच चालवतो. परवा पहाटे आम्ही फिरायला निघालो असता ती बागेच्या फाटकाशी उभी दिसली. माल भरून झाला होता. तरी तो बॅटरी घेऊन मागे चढला होता आणि एकेक क्रेट उचलून खाली उजेड पाडून पाहत होता. “राम राम गुरुजी,” म्हणाला, आणि पुढची क्रेट उचलली.